हरवलेली डीएलएल फाइल सुटी उतरवून घेऊ नये

माननीय संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या तंत्रज्ञानविषयक सदरात 'डीएलएल फाइल (प्रोग्रामांना लागणारी एक सहायक फाइल) सापडत नाही' या तक्रारीवर एका वाचकाला दिलेले उत्तर वाचले. संगणक ज्या नावाची फाइल मागतो त्याच नावाची फाइल इंटरनेटवर शोधावी, ती उतरवून 'सिस्टीम३२' या विंडोजच्या स्वतःच्या फाइलींच्या फोल्डरमध्ये ठेवावी आणि संगणक पुन्हा सुरू करावा, असा तो सल्ला होता. हा सल्ला नवा नाही. तो वर्षानुवर्षे तोंडोतोंडी चालत आला आहे, आणि कधीमधी त्याने काम भागतेही, म्हणूनच तो टिकून आहे. तरीही तो चुकीचा आहे. छापील शब्दावर विश्वास ठेवणाऱ्या वाचकांपर्यंत तो गेलेला असल्यामुळे त्याची दुरुस्तीही त्याच जागी व्हावी, एवढ्यासाठी हे पत्र लिहीत आहे. संगणकांची देखभाल हाच माझा व्यवसाय असल्याने पत्र थोडे लांबणार आहे.

विंडोजच्या अलीकडच्या आवृत्त्यांत हा संदेश दोन वाक्यांचा असतो. अमुक एक फाइल न सापडल्यामुळे काम पुढे चालू शकत नाही, असे पहिले वाक्य सांगते. प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल केल्यास अडचण दूर होऊ शकेल, असे दुसरे सुचवते. वापरणाऱ्याची नजर पहिल्या वाक्यातल्या फाइलच्या नावावर खिळते, कारण शोधता येईल अशी तेवढीच गोष्ट त्याच्या हाती लागलेली असते. खरा उपाय ज्यात आहे ते दुसरे वाक्य न वाचताच 'ओके' दाबले जाते. मग त्या नावाने शोध घेतला की डीएलएल फाइलींची दुकाने थाटून बसलेली संकेतस्थळे समोर येतात, आणि आपल्याला हवी ती फाइल तिथे आयती मिळते आहे असे वाटू लागते. दोष एकट्या वापरणाऱ्याला देता येणार नाही. कोणत्या संचातली फाइल नाही आणि तो संच कोणाकडून घ्यायचा, हे संदेश सांगत नाही. तो फक्त नाव सांगतो.

मुळात ही फाइल काय असते हे सदरात सांगितलेले नव्हते, आणि ते कळल्याशिवाय सल्ल्यातली खोट लक्षात येत नाही. डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. अनेक प्रोग्रामांना लागणारी कामे एकदाच लिहून एका फाइलीत ठेवलेली असतात आणि प्रोग्राम सुरू होताना किंवा चालू असताना ती त्याला जोडून दिली जातात. पडद्यावर खिडकी उघडणे, अक्षरे रेखाटणे, फाइल वाचणे, प्रिंटरकडे मजकूर पाठवणे ही कामे बहुतेक प्रत्येक डेस्कटॉप सॉफ्टवेअरला करावी लागतात. ती प्रत्येकाने आपल्या पोटात बाळगली, तर डिस्कवर आणि मेमरीत तोच कोड शेकडो वेळा साठेल. नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोजची पहिली आवृत्ती आली तेव्हा तिला किमान २५६ किलोबाइट मेमरी लागत असे. आज मोबाइलवर काढलेले एक छायाचित्रही याहून कितीतरी मोठे असते. एवढ्याशा जागेत एकाहून अधिक प्रोग्राम नांदवायचे, तर कोड वाटून घेण्यावाचून गत्यंतर नव्हते. कर्नल, यूझर आणि जीडीआय हे विंडोजचे तीन मूळ भाग म्हणूनच पहिल्यापासून सामायिक होते. त्यांचे वंशज कर्नल३२, यूझर३२ आणि जीडीआय३२ या नावांनी आजच्या प्रत्येक विंडोज संगणकावर आहेत. कल्पना मात्र मायक्रोसॉफ्टची नव्हे. साठच्या दशकात घडलेल्या मल्टिक्स या ऑपरेटिंग सिस्टीममध्ये गरजेच्या वेळी कोड जोडून घेण्याची सोय होती. लिनक्समध्ये अशाच फाइलींच्या नावात 'एसओ' हे अक्षरद्वय येते आणि मॅकवर त्यांना 'डायलिब' असे शेपूट असते.

ही वाटणी होते कशी, हे मला या विषयातले सर्वांत सुंदर प्रकरण वाटते, म्हणून त्यावर चार वाक्ये जास्त लिहितो. चालू असलेल्या प्रत्येक प्रोग्रामला आपली मेमरी स्वतंत्र आहे असे दिसते. प्रत्यक्षात ऑपरेटिंग सिस्टीम लायब्ररीचा कोड खऱ्या मेमरीत एकदाच आणते, तोही सगळा एकदम नव्हे तर सामान्यतः चार किलोबाइटच्या पानांनी, मागणी येईल तसतसा, आणि तीच पाने सर्व प्रोग्रामांच्या पत्त्यांमध्ये दाखवून देते. कोड फक्त वाचायचा असतो, त्यात कोणी काही लिहीत नाही, म्हणून तो निर्धास्तपणे वाटता येतो. ज्या पानांवर बदलणारी माहिती असते, त्यांवर एखादा प्रोग्राम लिहायला गेला की तेवढ्या पानाची त्याच्यापुरती वेगळी प्रत काढली जाते आणि शेजाऱ्याला त्याचा पत्ताही लागत नाही. प्रोग्रामने एखादी लायब्ररी किती वेळा मागितली आणि किती वेळा सोडली याचा हिशेब ठेवला जातो आणि तो शून्यावर आला की ती त्याच्या मेमरीतून उतरवली जाते. काही डीएलएल फाइलींत तर चालवण्याजोगा कोड नसतोच, केवळ चित्रे, मजकूर आणि संवादचौकटींचे आराखडे असतात. विंडोजची ओळखीची चिन्हे बरीच वर्षे शेल३२ आणि इमेजरेस या फाइलींत राहत होती. मजकूर असा वेगळा ठेवल्यामुळे मूळ प्रोग्रामला हात न लावता केवळ ही साधनफाइल बदलून तो दुसऱ्या भाषेत उभा करता येतो.

वाटून घेतलेल्या वस्तूचे दुखणेही वाटले जाते, हे नव्वदच्या दशकात दिसले. त्या काळी प्रत्येक सॉफ्टवेअरचा इन्स्टॉलर आपल्याबरोबर आणलेल्या लायब्रऱ्या विंडोजच्या सामायिक फोल्डरमध्ये टाकत असे. तिथे आधीच असलेल्या फाइलचा आवृत्तिक्रमांक तपासावा आणि ती जुनी असेल तरच बदलावी, असा दंडक होता. तो पाळला जाईच असे नाही. एमएफसी४२, एमएसव्हीसीआरटी, कॉमसीटीएल३२ या फाइलींवर तर येणारा-जाणारा आपली प्रत लादत असे, त्यामुळे एखादे नवे सॉफ्टवेअर घातले की कालपर्यंत व्यवस्थित चालणारे दुसरेच काहीतरी बंद पडे, आणि दोन घटनांचा संबंध वापरणाऱ्याला कधीच जोडता येत नसे. नवी प्रत घातली तरी सुटका होईच असे नव्हते, कारण जुन्या आवृत्तीतल्या एखाद्या दोषालाच धरून एखादा प्रोग्राम लिहिलेला असे आणि दोष गेला की तो कोसळे. या अवस्थेला जाणकारांनी 'डीएलएल हेल' असे नाव दिले आणि ते आजही रूढ आहे.

त्यातून बाहेर पडायला मायक्रोसॉफ्टला अनेक वर्षे लागली. विंडोज २००० मध्ये महत्त्वाच्या फाइलींवर पहारा बसवण्यात आला. कोणी त्या बदलल्या, की राखून ठेवलेली मूळ प्रत सिस्टीम गुपचूप परत आणून ठेवी. २००१ साली आलेल्या विंडोज एक्सपीत एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची आणि कोणत्या प्रोग्रामला कोणती हवी हे एका जाहीरपत्रिकेत लिहून देण्याची व्यवस्था झाली. विंडोज व्हिस्टापासून तर सिस्टीमच्या फाइलींची मालकी एका स्वतंत्र सेवेकडे गेली आणि संगणकाच्या प्रशासकालाही त्यांवर सहज लिहिता येईनासे झाले. जाता जाता सांगतो, शेजारी शेजारी आवृत्त्या ठेवणारा 'विनएसएक्सएस' नावाचा फोल्डर आकाराने प्रचंड दिसतो आणि जागा मोकळी करण्याच्या उत्साहात तो हाताने रिकामा करणारे महाभागही भेटतात. त्यातल्या पुष्कळ फाइली म्हणजे डिस्कवरच्या एकाच मजकुराची दोन ठिकाणची नावे असतात. दिसतो तेवढा आकार खरा नसतो, आणि फोल्डर उडवला तर अपडेट घेण्याची सोयही त्याबरोबर जाते. असो. मुद्दा असा की 'सिस्टीम३२'मध्ये बाहेरची फाइल स्वतःच्या हाताने टाकावी, असे सांगणारा सल्ला ज्या दुरवस्थेतून सिस्टीमला बाहेर काढले गेले तिथेच तिला परत नेतो.

हरवलेल्या फाइलीबाबत पहिला प्रश्न ती कुठे मिळेल हा नसतो. ती कोणाची आहे, हा असतो. डीएलएल एकटी जन्माला येत नाही. ती एखाद्या संचाचा भाग असते, तिला भावंडे असतात, ती स्वतःही दुसऱ्या लायब्रऱ्यांवर अवलंबून असते, आणि त्या सगळ्यांच्या आवृत्त्या एकमेकींशी जुळलेल्या असतात. त्यातली एकच फाइल दुसरीकडून आणून बसवणे म्हणजे एका आवृत्तीच्या पुस्तकातले पान दुसऱ्या आवृत्तीत डकवण्यासारखे आहे: पृष्ठांक जुळेल, मजकूर पुढच्या पानाशी जुळेलच असे नाही.

सर्वाधिक विचारल्या जाणाऱ्या नावांचेच उदाहरण घ्यावे. 'व्हीसीरनटाइम१४०' किंवा 'एमएसव्हीसीपी१४०' सापडत नाही, असा संदेश आला तर ती फाइल त्या सॉफ्टवेअरचीही नसते आणि विंडोजचीही नसते. ती व्हिज्युअल सी प्लस प्लस या प्रोग्राम घडवण्याच्या साधनाच्या पुनर्वितरण संचातली, म्हणजे त्या साधनाने घडवलेले प्रोग्राम चालायला लागणाऱ्या लायब्रऱ्यांच्या संचातली असते आणि तो संच मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावर विनामूल्य मिळतो. हे साधन ज्यात येते त्या व्हिज्युअल स्टुडिओच्या २०१५ पासून २०२२ पर्यंतच्या आवृत्त्यांनी घडवलेल्या प्रोग्रामांना एकच सामायिक संच चालतो, मात्र तो त्या प्रोग्रामच्या साधनाइतका किंवा त्याहून नवा असावा लागतो. २०१३ आणि त्याआधीच्या आवृत्त्यांचे संच स्वतंत्र आहेत. इन्स्टॉल केलेल्या प्रोग्रामांच्या यादीत या संचांची सात-आठ सारखी दिसणारी नावे पाहून, ही पुनरावृत्ती आहे असे समजून ती काढून टाकणारे वापरकर्ते मला नेहमी भेटतात आणि हरवलेल्या फाइलींच्या तक्रारींपैकी काहींचा उगम याच साफसफाईत असतो. 'डी३डीएक्स९_४३' किंवा 'एक्सइनपुट१_३' अशा नावांची मागणी जुन्या खेळांकडून येते. त्या फाइली डायरेक्टएक्स या खेळांच्या चित्र-ध्वनीसाठीच्या मायक्रोसॉफ्टच्या साधनाच्या जून २०१० च्या संचातल्या असून संगणकावर डायरेक्टएक्स १२ असले तरी त्या आपोआप असतीलच असे नाही. 'एपीआय-एमएस-विन-सीआरटी' अशा लांबलचक नावाने सुरू होणारी फाइल विंडोज ७ किंवा ८ वर मागितली जात असेल, तर युनिव्हर्सल सी रनटाइम हे, प्रोग्रामांना लागणाऱ्या मूलभूत कामांच्या लायब्रऱ्या आणणारे विंडोजचे अपडेट त्या संगणकावर पोहोचलेले नसते. विंडोज १० पासून तो भाग सिस्टीममध्येच आहे. तीन संदेश दिसायला सारखे, पण तिन्हींचे धनी वेगळे आणि म्हणून उपायही वेगळे.

आणखी एक गुंता आहे, ज्याचा उल्लेख सदरात असायलाच हवा होता. प्रोग्राम आणि लायब्रऱ्या बत्तीस किंवा चौसष्ट बिटांच्या अशा दोन प्रकारच्या असतात आणि एका प्रकारच्या प्रोग्रामला दुसऱ्या प्रकारची लायब्ररी चालत नाही. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर 'सिस्टीम३२' या फोल्डरमध्ये चौसष्ट बिटांच्या लायब्रऱ्या राहतात आणि 'सिसवॉव६४' या फोल्डरमध्ये बत्तीस बिटांच्या. नावे उलटी वाटतात. असंख्य प्रोग्रामांमध्ये 'सिस्टीम३२' हे नाव कायमचे कोरले गेलेले असल्यामुळे ते बदलणे शक्य नव्हते, आणि दुसऱ्या नावातला चौसष्टचा आकडा 'चौसष्ट बिटांच्या विंडोजवर चालणारे बत्तीस बिटांचे विंडोज' अशा अर्थाने आलेला आहे. बत्तीस बिटांचा प्रोग्राम 'सिस्टीम३२'मध्ये डोकावला तर सिस्टीम त्याला न सांगता दुसऱ्या फोल्डरकडे वळवते. म्हणजे सदरातला सल्ला तंतोतंत पाळून फाइल योग्य नावाने, योग्य दिसणाऱ्या फोल्डरमध्ये ठेवली तरी बत्तीस बिटांच्या प्रोग्रामला ती कधीच दिसणार नाही. चुकीच्या प्रकारची फाइल दिसलीच, तर 'सापडत नाही'ऐवजी 'अॅप्लिकेशन नीट सुरू होऊ शकले नाही' असा संदेश आणि शेवटी '७बी' असलेला एक गूढ क्रमांक येतो. तिथून पुढे वापरकर्ता नव्या क्रमांकाचा शोध घेऊ लागतो आणि मूळ अडचण बाजूलाच राहते. चौसष्ट बिटांच्या संगणकावर पुनर्वितरण संचाच्या दोन्ही प्रकारच्या प्रती इन्स्टॉल करायला सांगतात, ते यासाठीच.

सुरक्षिततेचा भाग मी मुद्दाम मागे ठेवला, कारण तो आधी सांगितला की लोक त्याला नेहमीची भीती समजून सोडून देतात. डीएलएलवर दोनदा क्लिक केले तर काही होत नाही, म्हणून ती निरुपद्रवी माहितीची फाइल आहे असा समज आहे. वस्तुस्थिती अशी की लायब्ररी मेमरीत चढताच तिच्यातला प्रारंभीचा कोड चालवला जातो, तोही ज्या प्रोग्रामने ती मागितली त्याच्या सर्व अधिकारांसह. प्रोग्राम प्रशासकाच्या अधिकाराने चालत असेल, तर अनोळखी माणसाने दिलेल्या फाइललाही तो अधिकार मिळतो, आणि त्यासाठी वेगळी परवानगी कोणी विचारत नाही. प्रोग्राम आपली लायब्ररी कुठे कुठे शोधतो याचा एक क्रम असतो. काही मोजक्या सिस्टीम लायब्रऱ्या सोडल्या तर सर्वसाधारणपणे पहिला मान प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरचा, त्यानंतर सिस्टीमच्या फोल्डरांचा. पूर्वी, ज्या फोल्डरमध्ये आपण त्या क्षणी काम करत असू त्याचा क्रमांक बराच वर होता. त्याचा फायदा घेऊन खऱ्याच्या नावाची खोटी लायब्ररी दस्तऐवजाशेजारी ठेवण्याचे हल्ले होऊ लागल्यावर तो खाली ढकलण्यात आला, आणि ऑगस्ट २०१० मध्ये मायक्रोसॉफ्टला या प्रकाराबाबत स्वतंत्र सुरक्षासूचना काढावी लागली. हल्लेखोराला जी फाइल शेजारी नेऊन ठेवण्यासाठी एवढी खटपट करावी लागते, ती आपण आपल्या हाताने सिस्टीमच्या गाभ्यात नेऊन ठेवावी, असे आपले सदर सांगते. २०१० सालीच उघडकीस आलेल्या स्टक्सनेट या घातपाती प्रोग्रामने तर औद्योगिक नियंत्रणासाठीच्या सीमेन्सच्या सॉफ्टवेअरमधली एक खरी डीएलएल बदलून तिच्या जागी आपली बसवली होती. खरी फाइल नाव बदलून शेजारीच ठेवली होती आणि बहुतेक मागण्या तिच्याकडे पाठवल्या जात होत्या, त्यामुळे वरवर काहीच बिघडलेले दिसत नव्हते.

फाइलच्या गुणधर्मांत डिजिटल सही पाहावी, असे काही जण सुचवतात. सल्ला चांगला आहे, पण अर्धा आहे. सही असेल आणि ती वैध असेल, तर फाइल सही करणाऱ्याच्या हातून निघाल्यावर बदललेली नाही एवढे कळते. ती फाइल जुनी, सदोष आवृत्ती असू शकते. उलट विंडोजच्या पुष्कळ अस्सल फाइलींची सही वेगळ्या सूचीत नोंदवलेली असल्यामुळे गुणधर्मांच्या खिडकीत ती दिसतच नाही. म्हणून सही दिसत नाही एवढ्यावरून फाइल बनावट ठरवणेही बरोबर नाही.

सुट्या फाइलीचे सर्वांत मोठे नुकसान, माझ्या मते, ती बसल्यानंतर सुरू होते. संचातून आलेल्या लायब्ररीची नोंद असते. तिच्यात दोष सापडला, तर नवा संच येतो आणि जुन्या फाइली बदलल्या जातात. हाताने प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये ठेवलेल्या फाइलीची कुठेही नोंद नसते. पुढे सिस्टीममधली प्रत सुधारली तरी शोधाच्या क्रमात पहिला मान या बेवारस प्रतीचाच असल्यामुळे प्रोग्राम जुनीच लायब्ररी वापरत राहतो, आणि संगणक अद्ययावत आहे असे सांगणारी हिरवी खूण खोटी ठरते.

याचे मोल कळायला एप्रिल २०१४ मधला 'हार्टब्लीड' हा दोष आठवावा. ओपनएसएसएल या, इंटरनेटवरची देवाणघेवाण गुप्त ठेवणाऱ्या सामायिक लायब्ररीतल्या एका चुकीमुळे सर्व्हरच्या मेमरीतला गोपनीय मजकूर बाहेरच्याला वाचता येत होता. ज्या यंत्रांवर ही लायब्ररी खऱ्या अर्थाने सामायिक होती, तिथे १.०.१जी ही सुधारित आवृत्ती एकदा घातल्यावर तिच्यावर विसंबलेले सगळे प्रोग्राम एकाच वेळी दुरुस्त झाले. चालू असलेल्या सेवा पुन्हा सुरू कराव्या लागल्या तेवढ्याच, कारण डिस्कवरची फाइल बदलली तरी मेमरीत चढलेला जुना कोड तसाच राहतो. (विंडोजमध्ये वापरात असलेली फाइल सहसा बदलताच येत नाही आणि अपडेटनंतर संगणक पुन्हा सुरू करण्याचा तगादा बऱ्याच अंशी त्यातून येतो, लोक त्याला वैतागतात, पण तो निष्कारण नाही.) याउलट सप्टेंबर २०२३ मध्ये लिबवेबपी या चित्रे उलगडणाऱ्या लायब्ररीत गंभीर दोष सापडला. बहुतेक ब्राउझर आणि पुष्कळ डेस्कटॉप सॉफ्टवेअर आपापली प्रत पोटात घेऊन हिंडत होते, त्यामुळे प्रत्येकाला स्वतंत्र अपडेट काढावे लागले. डिस्क स्वस्त झाल्यापासून प्रत्येक प्रोग्रामने आपल्या लायब्रऱ्या बरोबर आणाव्यात असा कल आहे. लिनक्सवर स्नॅप, फ्लॅटपॅक आणि अॅपइमेज या सॉफ्टवेअर बांधून देण्याच्या पद्धतींनी तोच मार्ग कमीअधिक प्रमाणात धरला आहे, आणि आवृत्त्यांची भांडणे त्याने मिटतात हेही खरे. मात्र तिथेही त्या प्रतीला जबाबदार असा कोणीतरी असतो. अनोळखी संकेतस्थळावरून आणलेल्या सुट्या फाइलीला तोही नसतो.

सामायिक लायब्ररी म्हणजे निर्धोक, असा माझा दावा नाही. मार्च २०२४ मध्ये एक्सझेड या संकुचन-साधनाच्या ५.६.० आणि ५.६.१ या आवृत्त्यांत मुद्दाम पेरलेला चोरदरवाजा सापडला. लिबएलझेडएमए या लायब्ररीवाटे तो काही लिनक्स प्रणालींच्या दूरस्थ प्रवेशाच्या सेवेपर्यंत पोहोचणार होता. आन्द्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला त्या सेवेत शिरताना अर्ध्या सेकंदाचा अनपेक्षित उशीर खटकला, म्हणून तो उघड झाला. अधिकृत वाटेनेही विष येऊ शकते, हे त्यातून दिसले. पण कोणत्या आवृत्त्या सदोष आहेत हे जगाला सांगता आले आणि त्या मागे घेता आल्या, कारण आवृत्त्यांची नोंद होती.

लिनक्सबद्दल थोडक्यात. तिथे लायब्ररीच्या नावातच तिच्या कराराचा क्रमांक असतो, उदाहरणार्थ 'लिबसी.एसओ.६', आणि जुन्या प्रोग्रामांना चालणार नाही असा बदल केला तर तो क्रमांक वाढवावा अशी शिस्त आहे. कोणत्या प्रोग्रामला कोणती लायब्ररी लागते हे पॅकेज व्यवस्थापक, म्हणजे सॉफ्टवेअर घालणारा-काढणारा प्रोग्राम पाहतो. म्हणून तिथे सुटी फाइल शोधत हिंडण्याची वेळ कमी येते, आणि आली तर नाव सारखे दिसावे म्हणून वेगळ्या क्रमांकाच्या फाइलीला हवे ते नाव जोडून देण्याचा मोह आवरावा.

आता उपाय. प्रथम ज्या प्रोग्रामने तक्रार केली तो त्याच्या मूळ ठिकाणाहून घेऊन पुन्हा इन्स्टॉल करावा. त्याआधी अँटिव्हायरसने काही अलग ठेवले आहे का ते त्याच्या नोंदीत पाहावे, कारण फाइल खुद्द त्यानेच उचललेली असण्याची शक्यता दुर्लक्षित राहते. अँटिव्हायरसने अकारण उचलली असेल तर परत द्यावी, सकारण असेल तर तो प्रोग्रामच नको. तेवढ्याने भागले नाही, तर फाइलीच्या नावावरून संच ओळखावा आणि तो त्याच्या निर्मात्याकडूनच घ्यावा. फाइल विंडोजचीच असेल, तर प्रशासकाच्या अधिकाराने उघडलेल्या कमांड प्रॉम्प्टवर (आज्ञा टाइप करण्याच्या खिडकीत) 'एसएफसी' ही सिस्टीमच्या फाइली तपासून दुरुस्त करणारी आज्ञा 'स्कॅननाउ' या पर्यायासह चालवावी. तिला दुरुस्ती जमली नाही, तर 'डीआयएसएम' या आज्ञेने दुरुस्तीसाठी राखलेल्या मूळ फाइलींचा साठा ठीक करून ती पुन्हा चालवावी. फाइल डोळ्यांसमोर असूनही ती सापडत नाही असे संगणक म्हणत असेल, तर बहुधा ती ज्या दुसऱ्या लायब्ररीवर अवलंबून आहे ती गैरहजर असते. 'रेगएसव्हीआर३२' ही लायब्ररीची विंडोजकडे नोंदणी करणारी आज्ञा सरसकट प्रत्येक डीएलएलवर चालवायची नसते. नोंदणीची सोय ज्या लायब्ररीत मुद्दाम लिहिलेली असते तिच्यावरच ती लागू पडते, इतरांवर ती केवळ आणखी एक न समजणारा संदेश दाखवते.

सॉफ्टवेअर घडवणाऱ्यांनाही एक विनंती आहे. लागणारा पुनर्वितरण संच आपल्या इन्स्टॉलरमध्येच घातला, किंवा निदान सुरुवातीलाच तो आहे की नाही हे तपासून नसल्यास नेमके नाव सांगितले, तर या तक्रारींचा मोठा भाग उद्भवणारच नाही. आपल्या संगणकावर प्रोग्राम चालतो, कारण तिथे ती साधने आधीपासून असतात. कोऱ्या संगणकावर तो चालवून पाहिल्याशिवाय वितरित करू नये. हे काम अर्ध्या तासाचे असते आणि तरीही ते टाळले जाते.

आपल्या सदरलेखकांना माझी विनंती अशी की पुढच्या वेळी अशी तक्रार आली, तर उत्तर देण्यापूर्वी प्रोग्रामचे नाव, तो कुठून घेतला, विंडोजची आवृत्ती आणि बत्तीस की चौसष्ट बिट, एवढे विचारून घ्यावे. तसेच ज्यांनी पूर्वीचा सल्ला अमलात आणला असेल, त्यांच्यासाठी पुढील अंकात खुलासा छापावा. त्यांनी ठेवलेली फाइल त्या जागी पूर्वी नव्हतीच असे खात्रीने आठवत असेल, तर ती काढून टाकावी. जुन्या फाइलीवर नवी लिहिली गेली असेल, तर हाताने काही न पुसता 'एसएफसी' चालवून मूळ प्रत परत येऊ द्यावी. त्यानंतर अँटिव्हायरसने संपूर्ण संगणक तपासावा आणि मगच योग्य तो संच इन्स्टॉल करावा. डीएलएल ज्या संकेतस्थळावरून घेतली तिथूनच 'दुरुस्ती करणारे साधन' म्हणून एखादा प्रोग्रामही उतरवला असेल, तर तो आधी काढावा. तपासणीनंतरही शंका उरली, तर त्या काळात या संगणकावर टाइप केलेले पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ यंत्रावरून बदलून घ्यावेत.

आपला विश्वासू,
संगणक देखभालीच्या व्यवसायातील एक वाचक